भिडेखातर

लग्नपत्रिका छापून आली की पहिली पत्रिका देवापुढे ठेवायची, ही रीत आपल्याकडे अजून मोडलेली नाही. ज्यांचं कुलदैवत गोव्यात आहे, मंगेशी, म्हाळसा किंवा कवळ्याची शांतादुर्गा, त्या घरातले आईवडील त्यासाठी मुद्दाम गोवा गाठतात. पत्रिकेच्या कोपऱ्यांना हळदकुंकू लावतात, सगळं निर्विघ्न पार पडू दे म्हणतात, फोंड्यात जेवतात आणि परततात. पुढच्या दोन-तीन आठवड्यांत त्याच घरातला नवरदेव मित्रांच्या गाडीत बसून बॅचलर पार्टीसाठी पुन्हा गोव्याला निघतो. या वेळी बागा, कळंगुट, नाहीतर हणजूण. मंगेशीपासून हे अंतर तासाभराचं. पहिल्या फेरीचे फोटो घरच्या ग्रुपवर येतात. दुसऱ्या फेरीचा नियम गाडी सुटायच्या आधीच ठरलेला असतो: गोव्यात झालं ते गोव्यातच ठेवायचं.

हे वाक्य मुळात एक जाहिरात आहे. लास व्हेगासच्या पर्यटन मंडळाने २००३ साली 'इथे घडतं ते इथेच राहतं' अशा अर्थाची ओळ बाजारात आणली. जुगार, दारू आणि रात्रीच्या करमणुकीवर ज्या शहराचं पोट चालतं त्याला ती शोभते. गिऱ्हाइकाची लाज जितकी कमी, तितका गल्ला जास्त. आपल्या पोरांनी मात्र ती मैत्रीची शपथ म्हणून उचलली. कुठल्याशा शहराच्या धंद्याची ओळ सदाशिव पेठेतला, राजारामपुरीतला मुलगा छातीवर हात ठेवून म्हणतो आणि तिला निष्ठा समजतो.

गेल्या पंधरा वर्षांत मी अशा सात पार्ट्यांना गेलो. त्यातल्या पाच, खरं सांगायचं तर, कंटाळवाण्या होत्या. एकजण पहिल्याच संध्याकाळी जास्त पिऊन ओकला, एकाची चप्पल समुद्राने नेली, पहाटे तीनला एकजण जुन्या प्रेयसीच्या आठवणीने रडला, आणि परतताना चोर्ला घाटात सगळ्यांना मळमळलं. बॅचलर पार्टी म्हटलं की नाक मुरडणाऱ्यांना हे सांगायला हवं. बहुतेक पार्ट्यांमध्ये काहीही होत नाही. मित्र जमतात, जुन्या गोष्टी उगाळतात, पैसे उधळतात, परत येतात. त्यात वाईट काही नाही, आणि ज्या घरात मुलाने बाहेर राहायचं म्हटलं की कपाळाला आठ्या पडतात त्या घरांची बाजू घ्यायला मी बसलेलो नाही.

उरलेल्या दोन पार्ट्यांपैकी एकीबद्दल आता सांगतो, दुसरीबद्दल शेवटी.

आम्ही नऊजण होतो. भाड्याचा बंगला, पोहण्याचा तलाव, तळमजल्यावर मोठा सोफा. प्रत्येक टोळीत एक व्यवस्थापक असतो. गाडी तो ठरवतो, बंगला तो ठरवतो, 'किरकोळ खर्च' म्हणून आगाऊ दोन-दोन हजार तोच गोळा करतो आणि त्याचा हिशेब कोणी विचारत नाही. आमच्या व्यवस्थापकाने दुसऱ्या रात्री जाहीर केलं की वरच्या खोलीत नवरदेवासाठी 'सरप्राइज' आहे. नवरदेव हसला आणि नको म्हणाला. सगळे ओरडले. तो पुन्हा नको म्हणाला, या वेळी हसू जरा कमी. मग कोणीतरी म्हणालं, "अरे, आत्ताच पट्टा पडला काय गळ्यात?" दुसरा म्हणाला, "एवढे पैसे घातलेत रे सगळ्यांनी तुझ्यासाठी." तिसऱ्यांदा तो काही बोलला नाही. उठला, ग्लास खाली ठेवला आणि जिना चढला. मी सोफ्यावर होतो. मी मोबाइल काढला आणि कुठलीतरी जुनी क्रिकेटची क्लिप बघत बसलो. त्या क्लिपमध्ये काय होतं ते आठवत नाही. आवाज मोठा केला होता, एवढं आठवतं.

दहा दिवसांनी लग्न झालं. चार वर्षांनी, दुसऱ्याच कोणाच्या पार्टीत, दारूच्या भरात केलेल्या एका विनोदातून ती गोष्ट फुटली आणि त्याच्या बायकोपर्यंत पोचली. आज ते दोघं एकत्र राहत नाहीत. कारणं बरीच असतील. मला एक माहीत आहे. मध्यंतरी तो भेटला तेव्हा एवढंच म्हणाला, "तुम्ही सगळे होतात म्हणून गेलो." आम्ही आठहीजण इतकी वर्षं उलट म्हणत होतो: तो गेला, त्याची मर्जी.

माझं म्हणणं असं आहे की अशा रात्री जी प्रतारणा घडते ती वासनेपेक्षा भिडेपोटी जास्त घडते. ज्याला खरोखर बाहेर जायचं असतं तो आठ माणसं सोबत नेत नाही, एकटा जातो आणि गुपचूप जातो. चव्हाट्यावर, टाळ्यांच्या गजरात, वर्गणी काढून केलेली बाहेरख्याली हा वेगळाच प्रकार आहे. त्याचा हिशेब एकट्या नवरदेवाच्या खात्यावर मांडता येत नाही.

'भीड भिकेची बहीण' असं आपली म्हण सांगते. पण ज्या समाजाने ही म्हण घडवली त्यानेच आग्रह ही कला कळसाला नेली. पंगतीत वाढपी जिलबीचं ताट घेऊन येतो, आपण पानावर आडवा हात धरतो, तो बोटांच्या फटीतून दोन जिलब्या सारतो आणि सगळे कौतुकाने हसतात. पहिल्यांदा नको म्हणणं ही पाहुण्याची सभ्यता, तरीही वाढणं हा यजमानाचा मान. तीनदा नको आणि चौथ्यांदा 'बरं, एकच', हा आपल्याकडचा जुना नाच आहे, दोन्ही बाजूंना त्याची पावलं पाठ. केळवणात हे गोड असतं. नव्या नवरीला उखाणा घ्यायला लावतानाही बऱ्यापैकी गोड असतं, जरी तिथेही एखादी मुलगी रडकुंडीला आलेली मी पाहिली आहे. पण या नाचात एक गोष्ट आपण लहानपणापासून शिकतो: 'नको' म्हणजे नकार नव्हे, 'नको' म्हणजे अजून एकदा विचारा. हीच शिकवण घेऊन नऊ तरुण पुरुष मध्यरात्री एका बंगल्यात बसतात. नवरदेवाचा खरा नकार त्यांना ऐकूच येत नाही, कारण खरा नकार आणि शिष्टाचाराचा नकार यांचा उच्चार एकच असतो. आणि या सवयीचं विष फक्त नवरदेवापुरतं राहत नाही. वरच्या खोलीत असलेल्या बाईच्या 'नको'चं काय होत असेल, याचाही विचार त्याच रात्री कोणीतरी करायला हवा होता.

त्यात पैशाचा पेच. आपल्याकडच्या बॅचलर पार्टीत नवरदेवाचा वाटा बहुधा बाकीचे उचलतात. कल्पना प्रेमाची आहे, पण त्यामुळे तो पाहुणा होतो आणि पाहुण्याने वाढलेलं टाकायचं नसतं. 'एवढे पैसे घातलेत' हे वाक्य म्हणूनच इतकं काम करतं. बाकीच्या अस्त्रांची यादी सगळ्यांना ठाऊक आहे: बायकोचा बैल, ताटाखालचं मांजर, फट्टू. यातला एकही शब्द होणाऱ्या बायकोबद्दलचं मत सांगत नाही. सगळे सांगतात ते एकच, की पुरुषांच्या या कळपातलं तुझं स्थान आत्ता, या मिनिटाला, धोक्यात आहे.

सोलोमन ॲश या मानसशास्त्रज्ञाने १९५१ च्या सुमारास अमेरिकेत केलेला प्रयोग अनेकांनी ऐकला असेल. सातआठ माणसांच्या गटाला काही रेषा दाखवायच्या आणि कुठली कोणाएवढी लांब ते विचारायचं. उत्तर लहान मुलालाही कळेल असं. मेख ही की एकजण सोडून बाकी सगळे आधीच फितवलेले, ते ठरवून चुकीचं उत्तर देणार. तो एकटा काय करतो? सुमारे तीन चतुर्थांश लोकांनी निदान एकदा तरी डोळ्यांना दिसत असलेलं नाकारून गटाची री ओढली. हा भाग सगळे सांगतात. दुसरा भाग कमी सांगितला जातो. गटात फक्त एक माणूस खरं उत्तर देणारा ठेवला, तर गटाबरोबर वाहवत जाऊन दिलेली चुकीची उत्तरं जवळपास एक चतुर्थांशावर आली. बहुमत फिरावं लागलं नाही. एक आवाज पुरला. आमच्या बंगल्यात तो आवाज आठपैकी कोणाचाही चालला असता, आणि मी क्रिकेट बघत होतो.

बरं, आठहीजणांना ते हवं होतं का? नंतर मी एकेकाला गाठून विचारलं, वर्षा-दोन वर्षांच्या अंतराने, सहज बोलता बोलता. चौघांनी सांगितलं की त्यांना तेव्हाच पटलं नव्हतं, पण 'बाकीच्यांना चालतंय असं दिसलं'. प्रिन्स्टन विद्यापीठात डेबोरा प्रेंटिस आणि डेल मिलर यांनी १९९३ मध्ये विद्यार्थ्यांच्या दारू पिण्याबद्दल नेमकं हेच टिपलं होतं: प्रत्येकाला वाटतं की हे इतरांना आपल्यापेक्षा जास्त मान्य आहे, म्हणून प्रत्येकजण गप्प बसतो, आणि त्या गप्प बसण्यालाच बाकीचे संमती समजतात. आमच्या सोफ्यावर निम्मे लोक असेच एकमेकांच्या भिडेला बळी पडून ओरडत होते. नवरदेवाला वाटलं सगळ्यांना हवंय. सगळ्यांना वाटलं नवरदेवाला हवंय, लाजतोय फक्त. व्यवस्थापकाला काय वाटलं ते मी त्याला विचारू शकलो नाही. आमचं बोलणं राहिलेलं नाही.

'वयच तसं असतं' ही सबब मला पटत नाही. मार्गो गार्डनर आणि लॉरेन्स स्टाइनबर्ग यांचा २००५ चा एक प्रयोग आहे. संगणकावर गाडी चालवण्याचा खेळ, काहींनी एकट्याने खेळायचा आणि काहींनी समवयस्क बघत असताना. किशोरवयीन मुलं मित्रांसमोर खूपच जास्त धोका पत्करतात. चोविशी ओलांडलेल्यांवर मित्रांच्या हजेरीचा परिणाम फारच कमी दिसतो. आपल्याकडचा शहरी नवरदेव अठ्ठावीस-तीस वर्षांचा असतो, गृहकर्जाचे हप्ते भरत असतो, कंपनीत पाच माणसं त्याच्या हाताखाली असतात. पण एक गंमत मी पाहिली आहे. वसतिगृहातली जुनी टोळी पुन्हा एका छताखाली आली की सगळे एकोणीस वर्षांचे होतात. जुनी टोपणनावं परततात, जुनी उतरंड परतते. तेव्हा जो दादा होता तो आताही दादा, जो बकरा होता तो आताही बकरा. बॅचलर पार्टीत नवरदेवाचं मोठेपण दोन दिवसांसाठी काढून घेतलं जातं. पुष्कळांना हीच मौज वाटते, आणि काही अंशी ती आहेही.

ठरवून केलेल्या लग्नात आणखी एक अडचण असते, ती बोलायला जरा अवघड आहे. मुलाने मुलीला पाहून पाच-सहा महिने झालेले असतात. मित्र पंधरा वर्षांचे. त्या रात्री तराजूच्या एका पारड्यात आठ चेहरे असतात, घाम, आवाज, खांद्यावर हात. दुसऱ्या पारड्यात एक मुलगी, जी आत्ता नाशिकला आपल्या घरी झोपलेली आहे आणि जिच्याशी अजून धड भांडणसुद्धा झालेलं नाही. ती अजून त्याची 'आपली माणूस' झालेली नसते. मित्रांनी मात्र तिला साखरपुड्यापासून 'वहिनी' म्हणायला सुरुवात केलेली असते, आणि वहिनी म्हटलं की आपण दीर होतो याचा कोणालाच पत्ता नसतो.

आपल्या लग्नविधीत साक्षीदारांची रेलचेल आहे. मामा मुलीला अंतरपाटापर्यंत आणतो, करवली मागे उभी असते, मुलीचा भाऊ नवऱ्याचा कान पिळतो. कानपिळीचं आपण हसू करतो, भावाला कपडे किंवा पाकीट देऊन मोकळे होतो, पण तिचा रोख स्पष्ट आहे: माझ्या बहिणीकडे माझं लक्ष आहे. कन्यादानात मुलीचा बाप धर्म, अर्थ आणि काम या तिन्हींत हिची मर्यादा ओलांडू नकोस म्हणून वराकडून वचन घेतो, आणि वर 'नातिचरामि' म्हणतो. अतिचार करणार नाही. भटजी पुढे म्हणतात, नवरदेव मागून म्हणतो, फोटोग्राफर मान वर करायला सांगतो. ज्यांना हे विधी मान्य नाहीत ते नोंदणी पद्धतीने लग्न करतात. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यात तिथेही तीन साक्षीदारांच्या सह्या लागतात. आमच्या त्या मित्राचं लग्न नोंदणी पद्धतीचं होतं. तीन साक्षीदारांपैकी एक आमचा व्यवस्थापक होता. साक्षीदार आणि साथीदार एकच माणूस असावा, हे मला तेव्हा खटकलं नाही. आता खटकतं.

काही हुशार मित्र कायद्यावर बोट ठेवतात: अजून लग्न कुठे झालंय? तांत्रिकदृष्ट्या त्यांचं बरोबर आहे. व्यभिचाराला गुन्हा ठरवणारं १८६० च्या दंडसंहितेतलं कलम ४९७ सर्वोच्च न्यायालयाने २७ सप्टेंबर २०१८ रोजी रद्द केलं, आणि ते योग्यच झालं. नवऱ्याची संमती असेल तर गुन्हा नाही म्हणणारं ते कलम बायकोला नवऱ्याची मालमत्ता समजत होतं. व्यभिचार हे घटस्फोटाचं कारण म्हणून हिंदू विवाह कायद्याच्या कलम १३ मध्ये शिल्लक आहे, पण तिथेही शब्द आहेत 'विवाह लागल्यानंतर'. म्हणजे लग्नाआधीच्या शुक्रवारची रात्र कायद्याच्या कक्षेबाहेर. मला ती कक्षेत आणायचीही नाही. घराघरातल्या बेइमानीमागे पोलीस लावणारा कायदा कोणाचं भलं करत नाही. पण जे कायद्यात बसत नाही ते घडलंच नाही, असं थोडंच आहे? ज्या गोष्टीसाठी आधी गुप्ततेची शपथ घ्यावी लागते, तिचं स्वरूप शपथ घेणाऱ्यांना आधीच कळलेलं असतं.

शिवाय एक गोष्ट कायद्याच्या कक्षेत आहे, आणि ती या पोरांना बहुधा माहीत नसते. २०१३ साली दंडसंहितेत झालेल्या बदलानंतर, अवैध व्यापारातून आणलेल्या व्यक्तीचा लैंगिक वापर करणारा, ते त्याला ठाऊक असेल किंवा तसं मानायला कारण असेल तर, स्वतः गुन्हेगार ठरतो. २०२४ पासून लागू झालेल्या न्याय संहितेतही ही तरतूद आहे. वास्कोतली बायणाची वेश्यावस्ती २००४ साली गोवा सरकारने जमीनदोस्त केली. म्हणून धंदा संपला नाही. आता क्लबच्या दारात 'नुसत्या पुरुषांना प्रवेश नाही' असं ऐकून आठजणांचा घोळका रस्त्यावर आला की पाच मिनिटांत कोणीतरी जवळ येऊन "सर, कुछ चाहिए?" विचारतो. तो जिला आणून देणार आहे ती कुठल्या राज्यातून, कोणाच्या कर्जापोटी आली, हे वर्गणी काढणाऱ्याच्या हिशेबात कुठेच नसतं. गोव्यात 'अर्ज' ही संस्था अशा मुलींच्या सुटकेचं आणि पुनर्वसनाचं काम करते; तिला काम कमी पडत नाही.

आणि गोष्ट फुटली की दोष कोणाला? 'त्या बाईने नादी लावलं.' १८८२ साली बुलढाण्याच्या ताराबाई शिंद्यांनी हाच प्रश्न विचारला होता, की जे दुर्गुण तुम्ही बायकांच्या माथी मारता ते पुरुषांत नाहीत काय. २००५ मध्ये महाराष्ट्र सरकारने डान्सबारवर बंदी घातली तेव्हाही नाचणाऱ्या हजारो बायकांचं पोट गेलं, नोटा उधळणाऱ्यांचं काय गेलं ते आठवून पाहा. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं, २०१३ ला एकदा आणि २०१९ ला पुन्हा सरकारला माघार घ्यावी लागली. पण उधळणारा एकटा नसतो, त्याला घेऊन येणारे असतात, ही गोष्ट त्या सगळ्या वादात कोणी काढली नाही.

या सगळ्याची खरी किंमत जिला मोजावी लागते ती पार्टीत नसतेच. पुण्यात डॉ. रमण गंगाखेडकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गुप्तरोगांच्या दवाखान्यांत आलेल्या बायकांचा अभ्यास केला, तो १९९७ मध्ये प्रसिद्ध झाला. नवऱ्याखेरीज दुसऱ्या कोणाशी कधीच संबंध न आलेल्या विवाहित बायकांमध्ये त्यांना एचआयव्हीची लागण सापडली. धोका त्यांच्या वागण्यात नव्हता, नवऱ्याच्या होता. आज औषधं आहेत, सरकारी रुग्णालयांत चाचणी मोफत आणि गुप्त होते. पण संसर्ग चाचणीत दिसायला काही आठवडे लागू शकतात, आणि पार्टी ते लग्न हे अंतर आपल्याकडे दहा-पंधरा दिवसांचं. हा हिशेब त्या बंगल्यात कोणी मांडला नाही. मांडला असता तर 'मूड घालवू नको' हे उत्तर ठरलेलं होतं.

"म्हणजे तो बिचारा? तीस वर्षांच्या घोड्याला कोणी धरून जिन्यावर चढवलं?" एका मैत्रिणीने मला असं सुनावलं, आणि तिचं चुकलं नाही. त्याला पाय होते, खाली उतरायचा जिनाही तोच होता. भीड हे कारण आहे, माफीपत्र नव्हे. तो दोषी आहेच. मी एवढंच म्हणतो की दोष वाटला म्हणून त्याचा वाटा कमी होत नाही, आमचे वाटे नव्याने उघडतात. तीच मैत्रीण पुढे म्हणाली की मुलींच्या पार्ट्यांमध्येही दडपण असतं, फक्त त्याची जात वेगळी: तिथे 'नवऱ्याला काय घाबरतेस' असतं आणि फोटो टाकायची सक्ती असते. असेल. मी तिथे नव्हतो, त्यामुळे त्यावर व्याख्यान देत नाही.

मग मित्राने होणाऱ्या बायकोला सांगायचं का? यावर माझं मत दोनदा बदललं आहे. निनावी मेसेज टाकून लग्न मोडणारा मला आवडत नाही. त्यात बरेचदा नीतीपेक्षा जुना हिशेब असतो. पण 'माझा काय संबंध' हेही खोटं, कारण वर्गणी दिली तेव्हाच संबंध जुळला. माझ्या मते मित्राने दुसऱ्या दिवशी सकाळी, उतरल्यावर, नवरदेवाला बाजूला घ्यावं आणि सांगावं की तू तिला सांग, सांगणार नसशील तर निदान चाचणी झाल्याशिवाय पुढे जाऊ नकोस, आणि तिने मला विचारलं तर मी खोटं बोलणार नाही. कार्यालय ठरलेलं असतं, आचाऱ्याला आगाऊ रक्कम गेलेली असते, चारशे पत्रिका वाटून झालेल्या असतात, हे मला माहीत आहे. म्हणूनच ही वेळ येऊ नये म्हणून आधी काहीतरी करणं सोपं.

आणि आधी करण्यासारखं फार मोठं काही नाही. 'सरप्राइज' हा प्रकार काढून टाकला तरी निम्मं काम होतं, कारण भीड अंगावर येते ती अचानकपणातून. नवरदेवाला गाडी ठरवायच्या आधी एकट्याला, सगळ्यांसमोर नव्हे, विचारावं की तुला काय चालेल आणि काय नाही. त्याचा वाटा त्याला भरू द्यावा. स्वतःचे पैसे घातलेल्या माणसाला नाही म्हणायला सोपं जातं. आणि टोळीत एकाने आधीच ठरवून ठेवावं की रेषेची लांबी मी खरी सांगणार आहे.

दुसरी पार्टी तीन वर्षांपूर्वीची, धाकट्या चुलतभावाची. मी वयाने सगळ्यांत मोठा, थोडा अडगळीचा. पुन्हा बंगला, पुन्हा व्यवस्थापक, रात्री पावणेबाराला पुन्हा तेच वाक्य: "भाऊसाठी एक सरप्राइज आहे." नवरदेवाने पहिलं 'नको' म्हटलं आणि हसला. मी तोंड उघडायच्या आधी कोपऱ्यातला एक काटकुळा मुलगा उठला. सोलापूरचा, दोन दिवसांत फारसं न बोललेला. पायात चपला सरकवत तो म्हणाला, "मला भूक लागलीये. मगाशी वाटेत रस-ऑम्लेटचा गाडा बघितलाय, बंद व्हायच्या आत चाललोय. कोण येतंय?"

क्षणभर कोणी हललं नाही. मग मी उठलो. मग आणखी एकजण, मग दोघे, मग गाडीची किल्ली कुठे आहे यावर वाद सुरू झाला. व्यवस्थापक "अरे, पण मी सांगून ठेवलंय, पैसे दिलेत" म्हणत राहिला, शेवटी तोही शिव्या देत मागच्या सीटवर बसला. गाड्यावर शाकुतीचा रस गरम होता, पाव संपत आले होते. नवरदेवाने दोन प्लेट खाल्ल्या, तिसरी मागितली, आणि गाडेवाल्याने पाव नाही म्हटल्यावर नुसता रस वाटीत घेऊन प्याला.